पुंगोलचा पाणक्या

माझं अक्षर वाकडं आहे आणि ऱ्हस्व-दीर्घाचं मला कधीच जमलं नाही. चौथीनंतर हातातली पाटी गेली आणि तेलाची वाटी आली. तेव्हा चुका दिसल्या तर पोटात घालाव्या. खरं म्हणजे हे वाचणारं कुणी नाही. वाडीतल्या बायका नळावर विचारतात, "काय गं, सिंगापूर कसं होतं?" मी "चांगलं होतं" म्हणते आणि कळशी उचलते. चार माणसांत माझं तोंड उघडत नाही. सांगायचं राहून गेलं की ते पोटात दुखत राहतं, म्हणून इथं लिहिते.

मी वाईकडची. बाळाला आणि बाळंतिणीला तेल लावायचं, न्हाऊ घालायचं, शेक द्यायचा, धुरी द्यायची, हे माझं काम. मालक जाऊन बरीच वर्षं झाली. स्वतःचं मूल नाही. मोठ्या बहिणीची मुलगी मुग्धा पुण्याला शिकली, कॉम्प्युटरच्या नोकरीवर सिंगापूरला गेली. मग बहीण वारली आणि लगेच मुग्धाला दिवस राहिले. तिचा फोन आला, "मावशी, आई असती तर आली असती. तू येशील का?" माय मरो पण मावशी जगो असं लोक म्हणतात. म्हणणाऱ्याला ते सोपं आहे.

मुग्धानं जायचं-यायचं दोन्ही तिकिटं काढली होती. तरीसुद्धा निघायच्या आधी मी पोस्टातली सगळी शिल्लक काढली आणि शेजारच्या मास्तरांच्या मुलाकडून पुण्यात सिंगापूरचे डॉलर करून आणले. चारशे डॉलर झाले. ते रुमालात बांधून कमरेला लावले. दुसऱ्याच्या घरी राहायला जायचं, तर परतीचे पैसे आपल्या कनवटीला असावेत. कुणी जड शब्द बोललं तर उठून चालतं होता आलं पाहिजे. बाईमाणसाला एवढं तरी असावं, असं मला वाटायचं.

विमानाचं काही लिहीत नाही. कान दुखले आणि मी देवाचं नाव घेत बसले, एवढंच.

पुंगोल

मुग्धाचं घर सिंगापूरच्या कडेला पुंगोल म्हणून भाग आहे तिथं, बाराव्या मजल्यावर. खिडकीतून एका बाजूला खाडी दिसते आणि बाकी सगळीकडे अशाच उंच इमारती. रस्ते इतके स्वच्छ की पहिले चार दिवस मला बाहेर चपला घालून चालायचा संकोच वाटे. लोक कपडे वाळत घालतात ते खिडकीबाहेर लांब काठ्या काढून. समोरच्या इमारतीकडे बघितलं की जत्रेतल्या पताका वाटतात, पण खाली जत्रा नसते. माणसं कानात काहीतरी घालून गप्प चालत असतात. आपल्याकडे अनोळखी बाई जिन्यात भेटली तरी "कुठल्या तुम्ही?" म्हणते. इथं लिफ्टमध्ये सगळे वरच्या आकड्यांकडे बघतात. मला लाजाळूला हे बरं वाटायला हवं होतं. पण आपण गप्प राहणं वेगळं आणि कुणी विचारतच नाही हे वेगळं.

जावई अनिकेतराव जहाजावर इंजिनियर आहेत. मुलगी झाली तेव्हा आठवडाभर होते. जाताना बाहेर व्हरांड्यात वाकून नमस्कार केला आणि म्हणाले, "मावशी, तुमच्यावर सोडून चाललोय." मग ते फोनमध्येच दिसायचे, तेही अडखळत. बाळाचं नाव इरा ठेवलं. सकाळी तिला पायावर घेऊन तेल लावायचं, अंघोळ घालायची, धुरी द्यायची, मग मुग्धाचं तेच सगळं. दुपारी त्या दोघी झोपल्या की घरात फक्त फ्रिजचा आवाज.

अशा वेळी मी खाली जाऊन एलआरटीत बसायची. ही दोन डब्यांची छोटी गाडी, हिला ड्रायव्हर नसतो. ती पुंगोलला गोल फेरी मारते आणि निघाली तिथंच येते. मुग्धानं कार्ड दिलं होतं आणि म्हणाली होती, "मावशी, यात तू हरवूच शकत नाहीस." तेच खरं. मी पुढच्या काचेपाशी बसे, इमारती सरकत, शाळेची पोरं चढत-उतरत आणि फिरून मी आपली तिथंच. देवळाला प्रदक्षिणा घालावी तसं, फक्त मध्ये देव नव्हता.

शेगडी

बाळाची धुरी निखाऱ्यावरच द्यावी लागते. ओवा, लसणीची सालं, वावडिंग निखाऱ्यावर टाकायचं आणि बाळाला त्या धुरावरून फिरवायचं. मुग्धाकडे चूल विजेची, निखारा कुठून येणार? मी दुकानातून मांस भाजायच्या कोळशाची पिशवी आणवली. मुग्धाला सांगितलं, बाळाचे कपडे शेकायला कोळसे हवेत. तिला झोपेत काय कळलं कोण जाणे, तिनं आणून दिली. लोखंडी कढईत कोळसे पेटवले. घरात धूर होईल म्हणून कढई दाराबाहेरच्या व्हरांड्यात ठेवली आणि वर ओवा टाकला.

धूर चांगला निघाला. इतका चांगला की व्हरांड्यातली दोन-तीन दारं एकदम उघडली. शेजारच्या दारातून एक काळासावळा, काटकुळा माणूस पळत बाहेर आला. अंगाला चिकटलेली चड्डी, पायात टकटक वाजणारे बूट. त्याच्या हातात पाण्याची बाटली होती. त्यानं ती कढईवर दाबली, पिचकारी उडवली, सगळे निखारे विझवले. मग दुसरी बाटली पाठीमागच्या खिशातून काढली आणि तीही रिकामी केली. त्याला वाटलं असणार की म्हातारीनं घर पेटवलं. मी ओव्याची वाटी हातात धरून उभी राहिले. राख माझ्या लुगड्यावर आली होती.

त्याच्या मागून त्याची बायको आली. ती इथलीच चिनी, मे लिन तिचं नाव. पोटाला फडकं बांधलेलं आणि डोक्याला रुमाल, म्हणजे बाळंतीण. मला इंग्रजी येत नाही, पण तिचं बोलणं हातवाऱ्यांनी कळलं. इथले लोक वाक्याच्या शेवटी उगीच "लाह" लावतात. "आंटी, कॅनॉट लाह. हिअर कॅनॉट." मुग्धा केस बांधत बाहेर आली, तिनं सगळ्यांची माफी मागितली. दार लावल्यावर मला म्हणाली, "मावशी, अगं इथं कॉरिडॉरमध्ये जाळ केला तर कम्प्लेंट होते. फाइन बसतो. मला विचारायचं तरी."

"विचारलं होतं."

"तू कपडे म्हणालीस."

ती चिडली नव्हती, दमली होती. पण मी न्हाणीत जाऊन उभी राहिले आणि कमरेचा रुमाल चाचपून बघितला.

संध्याकाळी दार वाजलं. तोच माणूस, आता साध्या शर्टात, हातात डब्यात हिरवा केक. इथं एका झाडाच्या पानाच्या रसानं केक हिरवा करतात, त्याला वास बासमतीच्या भातासारखा येतो. तो माफी मागायला आला होता. बाळाचं औषध विझवलं हे त्याला बायकोनं सांगितलं असणार. त्याचं नाव विल्मर. मुग्धानं विचारलं तेव्हा कळलं, तो कोलंबिया नावाच्या देशातला. नकाशावर बघितलं तर आपल्या अगदी पाठीमागे, पृथ्वीच्या दुसऱ्या अंगाला.

"काम काय करतो?" मी मुग्धाला विचारलं.

"सायकल चालवतो."

"आणि काम?"

मुग्धा हसली. "तेच काम, मावशी. सायकलच्या शर्यती. त्याचे पैसे मिळतात."

पानेला

आपल्याकडे दुसऱ्याचं भांडं रिकामं परत करत नाहीत. मी त्याच्या डब्यात डिंकाचे लाडू भरले. मुग्धाला नेऊन द्यायला वेळ नाही असं दिसलं, म्हणून मीच डबा घेऊन बाहेर गेले. तो व्हरांड्यात सायकल उलटी करून साखळी पुसत होता. त्याच्या घरात मलेशियाहून आणलेली एक बाळंतपणाची बाई होती, माझ्याच वयाची. महिनाभर तिनं मे लिनला डोक्यावरून पाणी घेऊ दिलं नाही. आल्याचा आणि काळ्या व्हिनेगरमध्ये शिजणाऱ्या डुकराच्या पायांचा वास दिवसभर यायचा. मी मुग्धाला रोज कढत पाण्यानं न्हाऊ घालते हे कळल्यावर तिनं कपाळाला हात लावला, आणि ती मे लिनला न्हाऊ घालत नाही हे कळल्यावर मी. आम्ही दोघी एकमेकींच्या बाळंतिणीकडे कीव करून बघायचो. त्या आल्याच्या घरात विल्मरला बसायला जागा नव्हती, म्हणून तो बाहेर.

लाडू त्यानं तिथंच तोंडात टाकला. थांबला. मग हातानं खुणावलं, यात काय? मी आत जाऊन गुळाची ढेप आणून दाखवली. कोल्हापूरचा गूळ मी सामानातून नेला होता.

त्यानं ढेप दोन्ही हातांत घेतली आणि नाकाला लावली. बराच वेळ तशीच धरली. "पानेला," म्हणाला. पुन्हा म्हणाला, "पानेला." मग तोंड फिरवून सायकलच्या चाकाकडे बघत राहिला. मी पुरुषमाणसाला रडताना बघू नये म्हणून आत आले आणि मुग्धाला बाहेर पाठवलं.

मुग्धानं त्याच्याशी बोलून सांगितलं ते असं. त्यांच्या डोंगरातही उसाचा गूळ करतात, त्यालाच ते पानेला म्हणतात. थंडीत सकाळी गरम पाण्यात घालून पितात. सायकलवाले बाटलीत तेच भरून डोंगर चढतात. तो लहानपणी पहाटे पाव पोचवायचा, सायकलला टोपली बांधून, चढाच्या रस्त्यानं. आईबाप बटाटे लावायचे. एकदा गावातून शर्यत जात होती आणि हा टोपलीसकट त्यांच्या मागं लागला आणि चढावर चार-पाच जणांच्या पुढं गेला. तिथून सुरुवात.

"आपण पाहुण्याला काय देतो ते सांग त्याला," मी म्हणाले. आणि त्याच्यापुढे गूळपाणी ठेवलं. त्यानं कोमट करून मागितलं, घरातून चीजचा तुकडा आणला आणि गुळाच्या पाण्यात बुडवला. तो मिटक्या मारत खात होता. त्यांच्याकडे तशीच रीत.

तेव्हापासून तो रोज पहाटे सायकलवर जाताना लाडू पाठीमागच्या खिशात घेऊन जायचा. मी दाराशी डबा ठेवून आत यायची. बोलणं काही नाही. बोलणार कशात?

पाण्याच्या बाटल्या

मुग्धाचं अंग हलकं झालं तशा आम्ही संध्याकाळी इराला घेऊन खाडीकाठी जाऊ लागलो. कधी विल्मर त्याच्या बाळाला घेऊन यायचा. तिथं मुग्धा विचारायची, तो सांगायचा, आणि मुग्धा मला मराठीत सांगायची. त्याचं इंग्रजीही तोडकं होतं, त्यामुळे आमच्यापर्यंत येईस्तोवर गोष्टीला फक्त हाडं उरायची.

विशीत तो इटलीला गेला. एका खोलीत चार पोरं, बाहेर बर्फ. भाषा येत नव्हती. मला आधी वाटलं होतं शर्यत म्हणजे जो पुढं तो जिंकला. तसं नसतं. एका संघात आठ माणसं असतात. जिंकायचं एकानं. बाकीच्यांनी त्याच्या पुढं राहून वारा अंगावर घ्यायचा, म्हणजे त्याची ताकद वाचते. मोटारीपाशी मागं जायचं, शर्टात सात-आठ बाटल्या भरायच्या, पुन्हा जोर मारून पुढं यायचं आणि सगळ्यांना पाणी वाटायचं. विल्मर ते करायचा. सगळी उमेदीची वर्षं त्यानं तेच केलं.

"पाणक्या," मी म्हणाले.

मुग्धा म्हणाली, "मावशी, इंग्रजीतही त्याला तेच म्हणतात. वॉटर कॅरियर." तिनं त्याला सांगितलं. त्यानं छातीवर हात ठेवला आणि म्हणून दाखवलं, "पानक्या."

"तू कधीच जिंकला नाहीस का?" मुग्धानं विचारलं. मला ते विचारणं आवडलं नाही, पण त्याला काही वाटलं नाही. एकदा जिंकला होता. पोर्तुगालमधल्या एका छोट्या शर्यतीत त्याचा म्होरक्या पडला, कुणाला पाणी द्यायचं ते उरलं नाही, म्हणून हा आपला एकटाच डोंगर चढत गेला. वर पोचला तेव्हा आधी त्याला वाटलं आपण रस्ता चुकलो, कारण पुढं कुणीच नव्हतं.

त्याच्या पायांवर एकही केस नव्हता. ते मी आधीपासून बघत होते, विचारायची लाज वाटत होती. मुग्धानं विचारलं. शर्यतीनंतर रोज मालिश करतात, तेल नीट बसावं म्हणून काढतात. इटलीत त्यांना तेल लावणारा एक म्हातारा होता. संघात तेवढाच माणूस त्याला रोज विचारायचा, "जेवलास का?" बाकीचे विचारायचे, पाय कसे आहेत.

मी माझ्या हातांकडे बघितलं. मला त्या म्हाताऱ्याला बघावंसं वाटलं.

पुढं गळ्याखालचं हाड दोनदा मोडलं, मोठ्या संघांनी घेणं सोडलं, आणि तो या बाजूच्या लहान संघांत आला. एका शर्यतीच्या वेळी मे लिन भेटली. आता तो या बेटावर. इथं डोंगर नाहीत. डोंगर चढायचा सराव म्हणून तो एकाच पुलाच्या चढावर पुन्हापुन्हा चढ-उतर करायचा. माझ्या एलआरटीसारखंच.

कनवटीचे पैसे

एक दिवस शेजारून भांडण ऐकू आलं. मे लिन हळू आवाजात बोलत होती, ते ओरडण्यापेक्षा वाईट. नंतर ती मुग्धाकडे येऊन बसली. बाळ मांडीवर आणि डोळे कोरडे. मुग्धानं मला स्वयंपाकघरात येऊन सांगितलं.

संघानं त्याला बरेच महिने पगार दिला नव्हता. फिलिपिन्समध्ये शर्यत होती. संघाचा मालक म्हणत होता, तिकीट आणि सायकल नेण्याचं भाडं तुझं तू भर, नंतर देऊ. शर्यतीत उतरलास तर पुढच्या वर्षी ठेवू. नाही आलास तर तुझी जागा रिकामी. मे लिन एकटीच्या पगारावर घर चालवत होती. ती म्हणाली, "थर्टी सिक्स ऑलरेडी. ओल्ड मॅन. इनफ लाह." सायकलच्या दुकानात काम मिळत होतं, ते घे म्हणत होती.

"तिचंही बरोबर आहे," मुग्धा म्हणाली.

"बरोबरच आहे," मी म्हणाले.

पण मला ते पुलावरचं चढणं-उतरणं आठवत राहिलं. माणसानं इतकी वर्षं दुसऱ्याला पाणी पाजलं, तर त्याचं शेवटचं तरी रस्त्यावर व्हावं, असं वाटलं. दुकानात साखळ्या पुसताना नको. चूक की बरोबर मला माहीत नाही.

सकाळी लाडवांच्या डब्यात मी रुमाल ठेवला. वर लाडू रचले.

तो डबा घेऊन गेला आणि लगेच परत आला. रुमाल हातात. त्याला वाटलं चुकून राहिले. मी मान हलवली. त्यानं पुढं केला, मी हात पदराखाली घेतले. तो काहीतरी बोलू लागला, भराभर, त्याच्या भाषेत. मी आत जाऊन गुळाचा खडा आणला आणि रुमालावर ठेवला. गोड देऊन घराबाहेर काढलं की ते परत आणायचं नसतं, हे त्याला कसं कळावं? पण त्यानं रुमाल खिशात ठेवला. मग पायातले ते टकटक बूट काढले आणि वाकून माझ्या पायाला हात लावला. हे त्यानं अनिकेतरावांना करताना बघितलं असणार.

मुग्धाला मी सांगणार नव्हते. पण त्यानंच मे लिनला सांगितलं आणि मे लिननं तिला.

"मावशी, चारशे डॉलर? माणूस कोण, कुठला! आणि तुझ्याकडे आले कुठून एवढे?"

मी सांगितलं. पोस्टातले.

"पण आणलेस कशाला? इथं तुला काय कमी पडलं असतं?"

आता खोटं सांगावंसं वाटेना. "परत जायला," मी म्हणाले. "समजा जायची वेळ आली तर."

मुग्धा उभी होती ती बसली. "म्हणजे तू माझ्याकडे येताना पळून जायचे पैसे घेऊन आलीस?"

मी इराची झबली घड्या करत राहिले. दोन्ही बाजूंनी घडी घातली तरी ते झबलं मला वाकडंच दिसत होतं. ती दिवसभर माझ्याशी बोलली नाही. दुसऱ्या दिवशी तेल लावायला बसली तेव्हा पाठ माझ्याकडे करून म्हणाली, "आई असती तर तिनं आणले असते का पैसे?"

"तुझी आई तुझी आई होती, बाळा," मी म्हणाले. मी तेल जरा जास्त वेळ जिरवलं.

शर्यत

तो निघाला तेव्हा सायकल खोक्यात घालायच्या आधी मी तिच्या मुठीला हळदकुंकू लावलं. मे लिन हाताची घडी घालून दारात उभी होती. मला वाटलं ती आता मला बोलेल. तिनं खोक्यावर चिकटपट्टी लावायला घेतली.

शर्यत मुग्धाच्या फोनवर दिसायची. डोंगर, नारळीची झाडं, पाऊस आणि रंगीबेरंगी माणसांचा लोंढा. मे लिनही आमच्याकडे येऊन बसायची, बघायचं नाही असं म्हणत. विल्मर कुठं दिसतच नव्हता. कॅमेरा पुढच्यांवर. तिसऱ्या की चौथ्या दिवशी एकदम मे लिन म्हणाली, "देअर." मोटारीच्या खिडकीतून बाटल्या घेत होता. एक, दोन, पाठीत, छातीत, मानेपाशी. शर्ट सगळीकडून फुगला. मग मान खाली घालून पावसात पुढं निघाला आणि कॅमेरा वळला.

तेवढंच दिसलं. मे लिननं फोन मागं नेऊन ते पुन्हा लावलं. पुन्हा लावलं.

त्याच्या म्होरक्याला दुसरं बक्षीस मिळालं. विल्मरचं नाव यादीत फार खाली होतं, मुग्धाला बोट बरंच सरकवावं लागलं. पण त्याला पुढचं एक वर्ष ठेवून घेतलं.

मी परत निघायच्या आधी संघानं तिकिटाचे पैसे त्याला दिले. तो नोटा घेऊन आला, उन्हानं सोललेलं नाक, गुडघ्याला खरचटलेलं. रुमाल धुऊन इस्त्री केला होता. मी नोटा घेतल्या आणि मुग्धाला म्हणाले, "त्याला सांग, यातला एक डॉलर मी घेणार नाही."

"का?"

"आमच्याकडे जवळच्या माणसाचं सगळं फेडून घेत नाहीत. माझी आई एक रुपया मागं ठेवायची. म्हणायची, येणं-जाणं राहतं."

मुग्धानं सांगितलं. त्यानं नीट ऐकलं. मग विचारलं, कधी द्यायचा?

मला काय सुचलं देव जाणे. "सायकल सोडशील तेव्हा दे," मी म्हणाले.

मे लिन हसली. मी तिला हसताना पहिल्यांदा बघत होते. "वाह, आंटी," ती म्हणाली, "दॅट वन व्हेरी लाँग लोन."

विमानतळावर मुग्धानं इराला माझ्या हातात दिलं आणि परत घेतलं. माझ्या हाताला तेलाचा वास होता, तो घरी आल्यावरही काही दिवस राहिला. मग इथल्या बाळांच्या तेलात मिसळून गेला.

वाडी

मुग्धा फोन करायची. आधी दर रविवारी, मग जमेल तसा. विल्मरला आणखी एक वर्ष ठेवलं, मग आणखी एक. मी देवापुढं दिवा लावताना कधीकधी मनात म्हणायची, तो डॉलर त्याच्याकडेच असू दे.

या दिवाळीनंतर मुग्धा आली. इरा आता पळते, बोलते. मला बघून आईच्या मागं लपली. मी ओळखते त्या तिच्या पावलांना, टाचेवरचा तीळसुद्धा. तिला मी कोण हे सांगायला मुग्धाला इंग्रजीत बरीच वाक्यं लागली. मी गूळपाणी पुढं केलं. इरानं वास घेतला आणि म्हणाली, "डोन्ट वाँट लाह."

"अगं, तुझ्या मावशीआजीचं आहे," मुग्धा म्हणाली. "जरा घे."

"राहू दे," मी म्हणाले. "पोरीला नसेल आवडत."

निघताना मुग्धानं पर्समधून कागदाची पुडी काढली. "विसरतच होते. विल्मरनं दिलंय. लिफ्टपाशी हातात ठेवलं, म्हणाला माऊशीला दे." मग म्हणाली, "दुकानात लागलाय तो. बरा आहे. शनिवारी पोरांना शिकवतो. मे लिन खूश आहे."

पुडीत एक नाणं होतं. पिवळं आणि पांढरं, त्यावर सिंहाचं तोंड आणि माशाचं शेपूट असलेला तो त्यांचा प्राणी.

"विसरला नाही बघ," मुग्धा म्हणाली. "झाला ना आता तुझा हिशेब पूर्ण?"

"झाला," मी म्हणाले.

गाडी वळणापलीकडे गेल्यावर मी आत आले. इराचा पेला तसाच भरलेला होता. तो मी प्याले. नाणं गुळाच्या डब्यात टाकलं, झाकण लावलं. चारशे डॉलर पूर्ण फिटले. आता तिकडे माझं कुणाकडे काही राहिलं नाही.